सिस्टम फोल्डरमधली सामाईक विहीर

मार्च २००० चा शेवटचा आठवडा. सातारा जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या गावातून सकाळी फोन आला. पतसंस्थेचे व्यवस्थापक बोलत होते. "सर, खातेदारांची यादीच उघडत नाही बघा. काल संध्याकाळपर्यंत सगळं व्यवस्थित होतं. आम्ही कशालाच हात लावलेला नाही." वर्षअखेर तोंडावर आलेली, ताळेबंद जुळवायचा, थकबाकीच्या याद्या काढायच्या. मी मिळाली ती एसटी धरली.

पोचलो तेव्हा काउंटरसमोर रांग होती आणि कारकून पासबुकं हातानं भरत होता. कॉम्प्युटरच्या पडद्यावर एक करडी चौकट आली होती. अमुक ओसीएक्स फाईल, किंवा ती ज्या फाईलींवर अवलंबून आहे त्यांपैकी एखादी, नीट नोंदलेली नाही. फाईल गहाळ किंवा सदोष आहे, असं तिचं म्हणणं. खाली 'ओके'चं एकच बटण. ते दाबलं की हिशेबाचं सगळं पॅकेज बंद.

बरीच चौकशी केल्यावर काउंटरवरच्या पोरानं मान खाली घालून सांगितलं, की काल सहानंतर त्यानं एक सीडी घातली होती. बहिणीचं लग्न ठरलं होतं, पत्रिका छापायच्या पॅकेजची सीडी कुणीतरी दिली होती. त्यानं पतसंस्थेच्या एकाही फाईलीला हात लावला नव्हता, हे खरंच होतं. तरी पॅकेज बंद पडलं होतं, हेही खरं होतं.

मी विंडोजच्या सिस्टम फोल्डरमध्ये गेलो, एमएसकॉमसीटीएल.ओसीएक्स नावाची फाईल शोधली, उजवं बटण दाबून तिची आवृत्ती पाहिली. मग व्यवस्थापकांच्या केबिनमधल्या मशीनवर तेच केलं. नाव तेच, पण केबिनमधली फाईल नवी होती आणि काउंटरवरची जुनी. पत्रिकेच्या सेटअपनं आपल्यासोबत आणलेली जुनी फाईल नव्या फाईलीवर बिनदिक्कत टाकली होती. झाडाच्या फांद्यांसारखी उलगडणारी यादी पडद्यावर काढायचं काम ती फाईल करते. सभासद, त्याखाली ठेवी, त्याखाली कर्जखाती, अशी आमची यादी तिच्याच जिवावर उघडायची. केबिनमधली फाईल फ्लॉपीवर घेतली, काउंटरच्या मशीनवर टाकली आणि तिची नोंद करायची आज्ञा दिली : 'स्टार्ट', 'रन', 'रेगएसव्हीआर३२' आणि पुढे फाईलीचं नाव. 'यशस्वी' असा एका ओळीचा निरोप आला आणि यादी उलगडली. पोरानं भीत भीत पत्रिकेचं पॅकेजही उघडून पाहिलं. तेही चाललं.

परतीच्या एसटीत मला आमच्या गावची विहीर आठवत राहिली. भावकीतल्या चार घरांची सामाईक विहीर, सातबाऱ्यावर इतर हक्कांत तशी नोंद, मोटर चालवायच्या पाळ्या ठरलेल्या. एका वर्षी एका घरानं मोठी मोटर बसवली आणि बाकीच्या तिघांच्या पाळीला पाणी तळाला जायला लागलं. त्यानं कुणाचं वाईट चिंतलं नव्हतं, आपल्या उसाची सोय पाहिली होती. पण विहीर मुळात सामाईक का खोदली होती? एकट्याला परवडत नव्हती म्हणून. कॉम्प्युटरमधल्या सामाईक फाईलींचा सगळा इतिहास मला या एका कारणात दिसतो.

तो सुरू होतो केंब्रिज विद्यापीठात. तिथलं एडसॅक हे यंत्र ६ मे १९४९ रोजी पहिल्यांदा चाललं. त्याचे कर्ते मॉरिस विल्क्स यांनी त्याच उन्हाळ्यात १२६ ओळींचा एक प्रोग्राम लिहिला आणि त्यात वीसेक चुका निघाल्या. वर्गमूळ काढणं, साइन-कोसाइन काढणं, उत्तर छापणं ही कामं प्रत्येकानं नव्यानं लिहायची आणि प्रत्येकानं नव्यानं चुकायचं, यात आयुष्य जाईल हे त्यांना तिथंच कळलं. त्यांचा तरुण विद्यार्थी डेव्हिड व्हीलर यानं मार्ग काढला. एकदा तपासून पक्की केलेली कामं वेगवेगळ्या कागदी फितींवर भोकं पाडून उतरवायची, त्या फिती कपाटाच्या खणांत लावून ठेवायच्या आणि ज्याला जी लागेल तिची नक्कल आपल्या फितीवर उतरवून घ्यायची. १९५१ मध्ये विल्क्स, व्हीलर आणि स्टॅन्ली गिल यांनी यावर पुस्तक लिहिलं, तोवर अशा ८७ फिती त्या संग्रहात जमल्या होत्या. त्या संग्रहाला ते 'लायब्ररी'च म्हणायचे.

मात्र इथं प्रत्येक जण नक्कल घरी नेत होता. मूळ फीत पुढे कुणी बदलली तरी ज्यानं आधी नक्कल केली त्याचा प्रोग्राम जसाच्या तसा चालायचा. हे सुख पुढे चाळीस वर्षांनी आठवावं असं होतं.

नक्कल न करता मूळ वस्तूच सगळ्यांनी मिळून वापरायची, हा विचार १९६० च्या दशकात मल्टिक्समध्ये आकाराला आला. एमआयटी, जनरल इलेक्ट्रिक आणि बेल लॅब्ज यांचा हा मोठा प्रकल्प. शेकडो लोकांनी एकाच यंत्रावर काम करायचं, तर एकाच कामाच्या शंभर नकला स्मृतीत ठेवणं परवडणारं नव्हतं. म्हणून प्रोग्राममध्ये फक्त नाव लिहून ठेवायचं आणि प्रोग्राम चालता चालता त्या नावापाशी पहिल्यांदा पोचला, की यंत्रानंच ते काम शोधून जोडून द्यायचं. ही कल्पना फार देखणी आहे, आजही मला तिचं कौतुक वाटतं.

घरगुती आणि कचेरीतल्या कॉम्प्युटरवर ती आली २० नोव्हेंबर १९८५ रोजी, विंडोजच्या पहिल्या आवृत्तीबरोबर. त्या विंडोजला किमान २५६ केबी स्मृती लागायची. आज मोबाईलवर काढलेला एक साधा फोटोही त्याच्या कित्येक पट मोठा असतो. एवढ्याशा जागेत चौकटी काढायच्या, मेनू उघडायचे, अक्षरं रंगवायची आणि दोनतीन प्रोग्राम एकाच वेळी चालवायचे. प्रत्येक प्रोग्रामनं चौकट काढायचं कसब स्वतःपाशी बाळगलं असतं, तर दुसऱ्या प्रोग्रामला जागाच उरली नसती. म्हणून कर्नल, यूझर आणि जीडीआय असे तीन सामाईक भाग केले. पहिला स्मृती आणि फाईली सांभाळायचा, दुसरा चौकटी आणि बटणं, तिसरा रेघा आणि अक्षरं. याच जातीच्या फाईलींना डायनॅमिक लिंक लायब्ररी, म्हणजे डीएलएल, हे नाव पडलं.

डीएलएल जवळून पाहायची असेल तर ती नोटपॅडमध्ये उघडावी. सगळी अगम्य चिन्हं दिसतात, पण पहिली दोन अक्षरं नेहमी 'एम' आणि 'झेड' असतात. मायक्रोसॉफ्टमधल्या मार्क झ्बिकोव्स्की या प्रोग्रामरची ती आद्याक्षरं. आपण ज्यावर डबल क्लिक करतो त्या ईएक्सई फाईलीचीही सुरुवात हीच. दोघी एकाच घरच्या. फरक इतकाच, की डीएलएल स्वतःहून चालत नाही, तिला कुणीतरी हाक मारावी लागते. तिच्यात एक यादी असते, 'मी ही ही कामं करून देते' अशी. ईएक्सईमध्ये दुसरी यादी असते, 'मला अमुक फाईलीतलं अमुक काम हवं' अशी. प्रोग्राम सुरू होताना विंडोज या दोन याद्या जुळवून देतं. हिशेबाचं पॅकेज उघडताना क्षणभर घुटमळतं, तेव्हा आत ही जुळवाजुळवही चाललेली असते.

मेख त्या दुसऱ्या यादीत होती. तिच्यात फाईलीचं नाव होतं, कामाचं नाव किंवा क्रमांक होता, पण कुठली आवृत्ती हवी हे लिहायची जागाच नव्हती. नाव कळायचं, वय कळायचं नाही. त्या काळच्या सोळा बिटी विंडोजमध्ये तर एका नावाची एकच डीएलएल सगळ्या मशीनच्या स्मृतीत राहू शकायची. दुसऱ्या प्रोग्रामनं आपल्या फोल्डरमध्ये स्वतःची वेगळी आवृत्ती जपून ठेवली असली, तरी आधी जी चढली तीच त्याच्याही पदरात पडायची. सकाळी आधी पत्रांचं पॅकेज उघडलं तर हिशेब बंद, आधी हिशेब उघडला तर दोन्ही चालू, असल्या तक्रारींचं मूळ पुष्कळदा इथं असायचं. लोकांना वाटायचं, मशीन लहरी आहे.

याउलट सन या कंपनीनं १९८८ साली आपल्या युनिक्समध्ये सामाईक लायब्ररी आणल्या तेव्हा आवृत्तीचा आकडा फाईलीच्या नावातच घातला. मोठा बदल झाला की आकडा बदलायचा, जुनी आणि नवी शेजारी शेजारी राहायच्या. लिनक्सनंही पुढे तीच वाट धरली. तिथंही पुष्कळ कटकटी झाल्या, पण एकीनं दुसरीचा गळा घोटायचा प्रकार तुलनेनं कमी झाला. नाव ठेवताना केलेला एवढासा विचार किती माणसांचे दिवस वाचवू शकतो, हे पाहून मला अजून हळहळ वाटते.

मे १९९१ मध्ये व्हिज्युअल बेसिक आलं आणि ही विहीर खऱ्या अर्थानं गावाची झाली. तोवर विंडोजचा प्रोग्राम लिहिणं मोजक्या लोकांचं काम होतं. आता फॉर्मवर बटण ओढायचं, त्यावर डबल क्लिक करायचं आणि आत चार ओळी लिहायच्या. पतसंस्था, दूध संकलन, किराणा दुकान, सोनाराची गहाणवट, सगळ्यांसाठी पॅकेजेस निघाली. आमच्यासारखी तालुक्याच्या गावांतून फिरणारी पोरं याच्यावरच जगली. व्हिज्युअल बेसिकमध्ये केलेला प्रोग्राम आकारानं लहान असायचा, कारण खरं काम व्हीबीरन३००.डीएलएल या सामाईक फाईलीत. तिचा आकार ३ लाख ९८ हजार बाइट, म्हणजे फ्लॉपीचा पाव हिस्सा. ती ग्राहकाकडे आधीच असेल अशा भरवशावर कित्येक जण ती सोबत द्यायचेच नाहीत. नसली, की प्रोग्राम पहिल्याच पावलाला अडायचा.

शिवाय तयार सुटे भाग विकत मिळू लागले. तक्त्याचा भाग, कॅलेंडरचा भाग, अहवाल छापायचा भाग. आधी त्यांना व्हीबीएक्स म्हणायचे, पुढे ओसीएक्स. पोटात त्याही डीएलएलच. प्रत्येक सेटअप आपापले भाग घेऊन यायचा आणि सिस्टम फोल्डरमध्ये ओतायचा. नियम साधा होता : तिथं आधीपासून असलेली फाईल नवी असेल तर तिला हात लावायचा नाही. आवृत्ती तपासायची सोय विंडोजमध्ये होती, पण सेटअप लिहिणाऱ्या पुष्कळांनी ती वापरलीच नाही. पतसंस्थेतल्या त्या सीडीनं हेच केलं होतं.

नियम पाळूनही सुटका नव्हती. नवी फाईल जुनीचं सगळं काम जसंच्या तसं करेल हे गृहीत होतं आणि ते गृहीतच कच्चं होतं. जुन्या फाईलीत एखादी चूक असायची, प्रोग्राम लिहिणाऱ्यानं त्या चुकीला सांभाळून आपलं गणित बसवलेलं असायचं, मग नव्या आवृत्तीत ती चूक दुरुस्त झाली की त्याचं गणित बिघडायचं. बटणं, टूलबार आणि याद्या पुरवणारी कॉमसीटीएल३२.डीएलएल विंडोज ९५ बरोबर आली खरी, पण तिच्या नव्या आवृत्त्या पुढे इंटरनेट एक्सप्लोररबरोबर येत राहिल्या. कचेरीत कुणी इंटरनेटसाठी ब्राउझर घातला, की हिशेबाच्या पॅकेजच्या पायाखालची फरशीही बदलायची.

ओसीएक्समागचं कॉम हे तंत्र १९९३ चं. त्यात वचन होतं : जी कामं एकदा जाहीर केली ती पुन्हा बदलायची नाहीत, बदल हवा तर नव्या ओळख क्रमांकानं नवी यादी जाहीर करायची. वचन उत्तम, पण पाळायचं माणसांनी. व्हिज्युअल बेसिकमध्ये 'बायनरी कंपॅटिबिलिटी' नावाचा एक पर्याय निवडावा लागायचा. तो निवडायचा विसर पडला, की प्रोग्राम पुन्हा बांधताना ओळख क्रमांक गुपचूप बदलायचे आणि ग्राहकाकडचा जुना ईएक्सई '४२९' क्रमांकाची चूक दाखवून बसायचा. हा विसर मलाही पडलेला आहे. एका रात्री पाठवलेल्या दुरुस्तीनं सकाळी तीन शाखा बंद पडल्या होत्या.

आणि फाईली काढून टाकताना येणारा तो प्रश्न! विंडोज ९५ पासून रजिस्ट्रीत, म्हणजे विंडोजच्या नोंदवहीत, सामाईक फाईलींची मोजणी ठेवलेली असायची. सेटअपनं फाईल घातली की आकडा एकानं वाढवायचा, पॅकेज काढलं की एकानं उतरवायचा. आकडा शून्यावर आला की चौकट विचारायची : ही सामाईक फाईल आता कुणी वापरत नाही असं दिसतं, काढू का? समोर बसलेल्या कारकुनानं याचं काय उत्तर द्यायचं? विहिरीवर आज मोटर दिसत नाही म्हणून विहीर बुजवायची का, असा तो प्रश्न, आणि तोही ज्याला गावच माहीत नाही अशा माणसाला. शिवाय आकडा खरा असेलच असं नव्हतं. मी फ्लॉपीवरून हातानं टाकलेली फाईल त्या मोजणीत कुठंच आली नव्हती.

या सगळ्या त्रासाला जगभर 'डीएलएल हेल' असं नाव पडलं होतं. मायक्रोसॉफ्टनं त्यावर पहिला मोठा इलाज केला तो १७ फेब्रुवारी २००० रोजी आलेल्या विंडोज २००० मध्ये. सिस्टम फोल्डरमधल्या विंडोजच्या स्वतःच्या फाईलींवर पहारा बसला. कुठल्याही सेटअपनं त्यांवर दुसरी फाईल टाकली, की विंडोज आपल्या राखीव साठ्यातून मूळ फाईल परत आणून ठेवायचं. गंमत नव्हे, दैवच म्हणायचं : आमच्या पतसंस्थेचा तो फोन याच्या महिनाभरानंतरचा. पण तिथं विंडोज ९८ होतं आणि नवी मशीनं यायला पुढची तीन वर्षं लागली.

दुसरा इलाज मुळावरचा होता. २५ ऑक्टोबर २००१ रोजी विंडोज एक्सपी आलं. त्यात विनएसएक्सएस नावाचा फोल्डर होता. एकाच फाईलीच्या अनेक आवृत्त्या तिथं शेजारी शेजारी नांदू लागल्या आणि मला कुठली हवी हे प्रोग्रामनं एका चिठ्ठीत लिहून द्यायची सोय झाली. कॉमसीटीएल३२ ची पाचवी आणि सहावी आवृत्ती एकाच वेळी एकाच पडद्यावर दिसायची. एका चौकटीतली बटणं जुनी चौकोनी, शेजारच्या चौकटीतली नवी गोल कडांची. २००२ च्या डॉट नेटमध्येही हीच रीत आली, आवृत्ती नावाचाच भाग झाली. सोळा वर्षांपूर्वी जी जागा यादीत ठेवायची राहिली होती ती अखेर मिळाली. तोवर हार्ड डिस्कही गिगाबाइटांत मोजली जात होती, चार नकला जास्त झाल्या तरी कुणाच्या खिशाला चाट बसत नव्हती. वाटण्या झाल्या, प्रत्येकाची बोअरवेल वेगळी.

मग १४ सप्टेंबर २००४ उजाडला. जीडीआयप्लस.डीएलएल या चित्रं दाखवणाऱ्या फाईलीत मोठा दोष सापडला. मुद्दाम बिघडवलेलं एक जेपेग चित्र उघडलं, तर चित्र पाठवणाऱ्याला मशीन ताब्यात घेता येत होतं. सिस्टम फोल्डरमध्ये एकच प्रत असती तर एक फाईल बदलून भागलं असतं. पण आता ऑफिसची प्रत वेगळी, इतर सॉफ्टवेअरच्या प्रती वेगळ्या, ज्या त्या फोल्डरमध्ये. मायक्रोसॉफ्टला दुरुस्तीबरोबर दोषी आवृत्ती हुडकण्यासाठी वेगळं साधन द्यावं लागलं आणि बाहेरच्या कंपन्यांनी आपापल्या पॅकेजबरोबर दिलेल्या प्रती त्यांनीच बदलायच्या होत्या. विहीर एक असती तर एकदाच औषध टाकून झालं असतं. आता दारोदार हिंडायचं. २०१४ साली ओपनएसएसएल या लायब्ररीत हार्टब्लीड नावाचा दोष सापडला तेव्हा सामाईक लायब्ररी वापरणाऱ्या सर्व्हरवर ती एक बदलून, त्यावर चालणाऱ्या सेवा पुन्हा सुरू केल्या की ते भोक बुजत होतं. डिसेंबर २०२१ मध्ये लॉगफोरजेचा दोष आला तेव्हा ती लायब्ररी हजारो जावा पॅकेजेसच्या पोटात पुरलेली निघाली, आणि कुठं कुठं आहे हे शोधण्यातच लोकांचे आठवडे गेले.

आमची ती यादीवाली फाईलही यातून सुटली नाही. एप्रिल २०१२ मध्ये मायक्रोसॉफ्टनं जाहीर केलं, की एमएसकॉमसीटीएल.ओसीएक्स मध्ये गंभीर दोष आहे आणि वर्ड-एक्सेलच्या फाईलींतून त्याचा गैरवापर होतो आहे. दुरुस्ती आपोआप बसली, आणि ती बसल्यावर काही मशीनवर ओसीएक्सची नोंद विस्कटली. त्याच पतसंस्थेतून मला बारा वर्षांनी फोन आला. या वेळी आवाज वेगळा होता, पत्रिकेची सीडी घालणारा पोरगा आता शाखाधिकारी झाला होता.

"सर, यादी उघडत नव्हती."

"नव्हती म्हणजे? आता?"

"आता उघडते. केलं मीच. फक्त सांगावं म्हटलं."

पुढे त्या बाजूला गेलो तेव्हा मुद्दाम शाखेत डोकावलो. त्यानं चहा सांगितला आणि ड्रॉवरमधून जुनी डायरी काढली. शेवटच्या पानावर निळ्या शाईत ती आज्ञा लिहिली होती, मार्च २००० मध्ये माझ्या खांद्यामागं उभं राहून त्यानं उतरवून घेतलेली. एका अक्षराची चूक खोडून दुरुस्त केलेली. खाली एकाखाली एक तारखा होत्या, जेव्हा जेव्हा ती चालवावी लागली तेव्हाच्या, आणि प्रत्येक तारखेपुढे त्या दिवशी मशीनवर काय नवीन घातलं होतं, त्याची नोंद.